पटणे आणि पटवणे: पडद्यावरची प्रेमकथा कशी पाहावी

कनिष्ठ महाविद्यालयात मराठी शिकवत असताना गेली काही वर्षे मी महिन्यातल्या दोन शनिवारी दुपारी विद्यार्थ्यांना चित्रपट दाखवते आणि नंतर तासभर त्यांच्याशी त्यावर बोलते. त्यांतले निम्मे चित्रपट तरी प्रेमाचे असतात, कारण सोळा-सतरा वर्षांच्या मुलामुलींना तेच पाहायचे असतात. घरी या विषयावर कोणी बोलत नाही आणि अभ्यासक्रमात तो येत नाही. त्यामुळे आवडलेल्या मुलीशी पहिल्यांदा काय बोलायचे, तिने नाही म्हटले तर पुढे काय करायचे, भांडण झाल्यावर कोणी नमते घ्यायचे, हे सारे मुले चित्रपटांतून आणि रात्रीच्या मालिकांतून उचलतात. ती ते उचलणारच. आपण फार तर उचलताना त्यांच्या शेजारी बसू शकतो. त्या शनिवारांतून जी पद्धत हाती आली ती येथे मांडत आहे. शिक्षकांना ती वर्गात वापरता येईल, पालकांना घरच्या टीव्हीसमोर वापरता येईल, आणि कोणाला एकट्याने वापरायची असेल तर त्यालाही काही अडचण नाही.

या पद्धतीचा सारा भार दोन शब्दांवर आहे, म्हणून आधी ते शब्द पाहू. 'पटणे' आणि 'पटवणे' ही एकाच धातूची रूपे आहेत. पटायला दोघे लागतात. 'त्या दोघांचं छान पटतं' असे आपण म्हणतो तेव्हा त्या वाक्यात कोणी करणारा नसतो आणि कोणावर काही केलेले नसते. 'पटवणे' हे त्याचे प्रयोजक रूप. तेथे करणारा एक असतो आणि दुसरे माणूस त्या क्रियेचे कर्म होऊन बसते. 'त्याने मुलगी पटवली' हे वाक्य कट्ट्यावर इतक्या सहजपणे बोलले जाते की त्यातली मुलगी कर्माच्या जागी आहे हे कानाला जाणवतच नाही. मी व्याकरणाच्या तासाला हा फरक फळ्यावर लिहिते आणि तोच शनिवारी प्रश्न म्हणून विचारते: समोर जे चालले आहे ते पटणे आहे की पटवणे? चित्रपट दोन्ही दाखवू शकतो आणि त्याने दोन्ही दाखवावे. अडचण येते ती पटवणे दाखवून त्याला पटण्याचे संगीत लावले जाते तेव्हा.

पाहण्याआधीची तयारी

चित्रपट आधी स्वतः पूर्ण पाहावा आणि एकट्याने पाहावा. हे सांगावे लागते, कारण आपल्याला वीस वर्षांपूर्वी आवडलेला चित्रपट आपण आठवणीच्या भरवशावर मुलांपुढे लावतो आणि मग एखाद्या प्रसंगाला घाईघाईने रिमोट शोधतो. प्रमाणपत्रही पाहावे. 2023 च्या कायदादुरुस्तीनंतर यूए या वर्गाचे वयानुसार तीन भाग झाले आहेत: सात वर्षांवरील, तेरा वर्षांवरील आणि सोळा वर्षांवरील. या खुणा पालकांच्या माहितीसाठी असतात. मात्र प्रमाणपत्रावरून दृश्यात काय आहे एवढाच अंदाज येतो. दृश्य कोणाच्या बाजूने उभे आहे हे त्यावर लिहिलेले नसते, आणि आपल्याला तर तेच पाहायचे आहे.

दुसरी तयारी कागदाची. मी प्रत्येकाला एक पान देते आणि त्यावर तीन उभे रकाने आखायला सांगते: कोण पाहते, कोण बोलते, कोण ठरवते. चित्रपट चालू असताना या रकान्यांत फक्त नावे किंवा खुणा लिहायच्या, वाक्ये लिहायची नाहीत. पहिले दोन रकाने भराभर भरतात. तिसरा बराच वेळ मोकळा राहतो आणि चांगली चर्चा नेमकी त्या मोकळ्या जागेतून सुरू होते.

एकच दृश्य तीन वेळा

संपूर्ण चित्रपटाविषयी एकदम बोलायला गेले की 'मस्त होता', 'रडवलं' यांच्या पुढे गाडी जात नाही. म्हणून चित्रपट पाहून झाल्यावर त्यातले तीन-चार मिनिटांचे एकच दृश्य निवडावे, शक्यतो पहिल्या भेटीचे किंवा मागणी घालण्याचे, आणि ते तीन वेळा पाहावे.

पहिल्या वेळी आवाज पूर्ण बंद ठेवावा. संवाद आणि गाणे गेले की उरते ती देहबोली. नायक वाट अडवून उभा आहे का, तिच्या मागे भिंत आहे की मोकळी वाट आहे, ती निघून जाऊ शकली असती का, तिचा हात धरला तेव्हा तिचा खांदा कोणत्या बाजूला वळला, हे आवाज असताना दिसत नाही. गाण्याच्या ठेक्यावर जो प्रसंग छेडछाडीचा गोड खेळ वाटला होता, तोच आवाज बंद केल्यावर चार मुलांनी एका मुलीला बसथांब्यावर घेरल्यासारखा दिसू शकतो. असे एकदा झाले तेव्हा वर्गातल्या मुली हसल्या नाहीत आणि मुले एकमेकांकडे पाहू लागली. त्या दिवशी मला वेगळे काही समजावून सांगावे लागले नाही.

दुसऱ्या वेळी चित्र बंद करावे. पडद्यावर कापड टाकावे किंवा सगळ्यांनी डोळे मिटावेत. आता कान सांगतात की संगीत कोणाचे मन वाजवते आहे. तो बोलतो तेव्हा बासरी आणि ती बोलते तेव्हा शांतता, असे असेल तर दिग्दर्शकाने आपल्याला कोणाच्या मनात बसवले आहे हे उघड होते. येथे 'कुंकू' या चित्रपटाचा फार उपयोग होतो. प्रभात फिल्म कंपनीचा, व्ही. शांताराम यांनी दिग्दर्शित केलेला हा 1937 चा चित्रपट, आणि त्यात पार्श्वसंगीत नाही. जे ऐकू येते ते त्या प्रसंगातलेच आवाज आहेत. भावना कशी वाटून घ्यायची हे वाद्यांनी सांगितलेले नसल्यामुळे ती आपली आपल्याला शोधावी लागते. ज्या आवारात हा चित्रपट तयार झाला तेथे आज पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट आहे. सहल नेता आली तर न्यावी.

तिसऱ्या वेळी दृश्य जसे आहे तसे पाहावे. पहिल्या दोन वेळांचे पाहणे आणि ऐकणे आता एकमेकांशी जुळते का हे तपासावे. जुळत नसेल, म्हणजे चित्र एक सांगत असेल आणि संगीत दुसरेच, तर त्या फटीवर बोट ठेवावे. माझ्या अनुभवात प्रेमकथेविषयी बोलण्यासारखे जे काही असते त्यातले बरेचसे या फटीत सापडते.

नकाराचा माग काढणे

आता मुख्य कामाकडे येते. कोणतीही प्रेमकथा हाती घ्या आणि तिच्यात 'नाही' कोण म्हणते, कसे म्हणते आणि म्हटल्यानंतर त्या 'नाही'चे काय होते, एवढाच धागा धरून शेवटपर्यंत जा. होकार सगळ्या कथांत साधारण सारखाच दिसतो. कथेचा स्वभाव कळतो तो नकारावरून.

'कुंकू' पुन्हा घेऊ, कारण मराठी पडद्यावर नकाराला इतके वजन देणारी कथा इतक्या लवकर येऊन गेली याचा मला मनापासून अभिमान वाटतो. ना. ह. आपटे यांच्या 'न पटणारी गोष्ट' या कादंबरीवर हा चित्रपट आधारलेला आहे, आणि आपला शब्द त्या नावातच बसलेला आहे हा योग मी वर्गात दरवेळी दाखवते. नीरा या तरुण मुलीचे लग्न फसवून एका वयस्कर विधुराशी, काकासाहेबांशी, लावले जाते. शांता आपटे यांनी साकारलेली नीरा त्या घरात राहते, पण त्यांना नवरा मानायला ठाम नकार देते. तिचा नकार लाजरा नाही आणि पुढे वितळून होकार होण्यासाठी ठेवलेलाही नाही. सावत्र मुलगा अंगचटीला येऊ पाहतो तेव्हा ती हाती छडी घेते. चित्रपट तिला कोठेही खोटी पाडत नाही. बदलत जातात ते काकासाहेब, ज्यांना आपला अन्याय हळूहळू कळत जातो.

पण येथेच थांबू नये. तिसरा रकाना पाहावा. शेवटी काकासाहेब नीरेला मुलगी मानून, नव्याने आयुष्य सुरू करायला सांगणारे पत्र मागे ठेवून जीव देतात. म्हणजे नकार तिचा होता, पण सुटका त्यांच्या हातून आली, तीही त्यांच्या मरणाने. 1937 साली दुसरी वाट कथाकारांना दिसत होती का, आज तीच कथा लिहिली तर नीरा स्वतः त्या घराचा उंबरठा ओलांडेल का, या प्रश्नावर दोन शनिवार गेले तरी मला ते वाया गेले असे वाटत नाही.

याच्या उलट टोकाला ती मोठी परंपरा आहे जिच्यात नायिकेचा पहिला नकार हा होकाराचाच पहिला अंक मानला जातो. नायक मागे लागतो, ती झिडकारते, तो आणखी मागे लागतो, तिच्या घराखाली उभा राहतो, तिच्या मैत्रिणींना हाताशी धरतो आणि मध्यंतराच्या सुमाराला ती हसते. हिंदीत आणि मराठीत असे चित्रपट इतके आहेत की एकाचे नाव घेणे बाकीच्यांना सूट देण्यासारखे होईल. मात्र 1993 च्या 'डर'चे उदाहरण वेगळ्या कारणासाठी देते. त्यात पाठलाग करणारा माणूस खलनायक आहे, कथा त्याच्या वागण्याला भयंकर मानते आणि शेवटी त्याला शिक्षाही करते. तरीही चित्रपटातले सर्वांच्या ओठी बसलेले गाणे त्याच्या वाट्याला आले, आणि चित्रपटगृहातून बाहेर पडलेल्या कित्येकांनी जिवाला लावून घेतला तो तोच. कथा काय म्हणते यापेक्षा गाणे कोणाला दिले आहे हे पाहावे, असे मी सांगते ते यामुळे.

याच ठिकाणी कायद्याची माहिती द्यावी, फार लांबण न लावता. 2013 साली भारतीय दंड संहितेत 354-ड हे कलम आले आणि 1 जुलै 2024 पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत ते कलम 78 म्हणून आहे. स्त्रीने आपल्याला रस नसल्याचे स्पष्ट दाखवल्यानंतरही जवळीक साधण्यासाठी तिच्या मागे जाणे आणि पुन्हा पुन्हा संपर्क करणे किंवा तसा प्रयत्न करणे हा गुन्हा आहे आणि पहिल्या वेळेला तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. हे वाचून दाखवल्यावर एका मुलाने फार प्रामाणिकपणे विचारले होते, "मग मॅडम, आवडली तर सांगायचंच नाही का?" हा प्रश्न टाळू नये. सांगावे, एकदा, सरळ, तिला सहज निघून जाता येईल अशा जागी. आणि उत्तर 'नाही' असे आले तर तेच उत्तर म्हणून घ्यावे. त्यानंतर मुलांना विचारावे की असे दृश्य त्यांनी कोणत्या चित्रपटात पाहिले आहे. बराच वेळ शांतता असते.

नकाराचे आणखी एक रूप 2010 च्या 'मुंबई-पुणे-मुंबई'त आहे, आणि ते सौम्य असल्यामुळे शिकवायला अवघड आहे. मुंबईची मुलगी स्थळाला नकार द्यायला स्वतः पुण्याला येते, पत्ता शोधताना एक अनोळखी मुलगा भेटतो, दिवसभर दोघे पुण्यात फिरतात, वाद घालतात, आणि शेवटी उघड होते की ज्याला नकार द्यायचा होता तो हाच. सतीश राजवाडे यांचा हा चित्रपट जवळजवळ पूर्णपणे दोघांच्या बोलण्यावर उभा आहे आणि दोघे बरोबरीने बोलतात, एकमेकांचे खोडतात, म्हणून मला तो प्रिय आहे. पटण्याची प्रक्रिया इतकी निवांतपणे आपल्याकडे क्वचित दाखवली जाते. तरी शेवट कळल्यानंतर चित्रपट पुन्हा सुरुवातीपासून पाहावा आणि प्रत्येक दृश्यात स्वतःला विचारावे की या क्षणी त्याला काय माहीत आहे आणि तिला काय माहीत आहे. एकाच्या हाती माहिती आणि दुसऱ्याच्या हाती फक्त विश्वास असेल तर ते बरोबरीचे बोलणे राहते का? माझ्या वर्गात यावर दरवेळी दोन तट पडतात आणि मी कोणत्याही तटाला निकाल देत नाही.

कोण कोणाकडे पाहते

पहिल्या रकान्यासाठी नागराज मंजुळे यांचे दोन चित्रपट एकापाठोपाठ दाखवावेत. 'फँड्री'त जब्याचे शालूवर प्रेम आहे, पण सबंध चित्रपटात तो तिच्याशी मनातले बोलू शकत नाही. तो पाहतो. दुरून, शाळेत, जत्रेत. काळी चिमणी मिळाली तर ती आपलीशी होईल या आशेवर तो रानोमाळ भटकतो. आणि मग गावातली डुकरे पकडायला त्याच्या कुटुंबाला लावले जाते, तेव्हा पाहणारा बदलतो: आता गाव पाहते आहे, आणि त्या बघ्यांत शालूही आहे. जब्या तिच्या नजरेपासून लपू पाहतो. तेथे चित्रपट थांबवावा आणि विचारावे की आतापर्यंत आपण कोणाच्या डोळ्यांनी पाहत होतो आणि आता कोणाच्या. प्रेमात पाहण्याचा हक्क सगळ्यांना सारखा नसतो, जात तो वाटून देते, हे मी शब्दांत सांगितले असते तर ते व्याख्यान झाले असते. ही दोन दृश्ये शेजारी ठेवली की मुले ते स्वतःच लिहितात.

2016 च्या 'सैराट'मध्ये अर्ची परश्याकडे उघडपणे, न लाजता पाहते. ती बुलेट चालवते, ट्रॅक्टर चालवते, आवडले ते सांगते. मुलींना ती आवडते याचे मोठे कारण हे आहे. पण तिच्या पाहण्यात तिच्या घराचे बळ मिसळलेले आहे, हेही दाखवून द्यावे: गावातल्या मातब्बर पाटलाची मुलगी म्हणून विहिरीवरच्या मुलांना बाहेर हो म्हणण्याची जी हिंमत तिच्यात आहे, ती मासेमारी करणाऱ्या घरातल्या मुलाच्या बहिणीला करता आली असती का? मुलगी म्हणून ती दबलेली आहे आणि जातीने वरची आहे. दोन्ही एकाच वेळी खरे आहे. पडद्यावरच्या नायिकेकडे असे दुहेरी पाहायला वेळ लागतो, म्हणून येथे घाई करू नये.

चूल, भाडे आणि पगार

बहुतेक प्रेमकथा लग्नाशी संपतात, त्यामुळे प्रेमात पैसे लागतात हे त्यांना दाखवावेच लागत नाही. 'सैराट'चा उत्तरार्ध म्हणूनच पुन्हा पुन्हा पाहण्यासारखा आहे. पूर्वार्धात अजय-अतुल यांचे भरघोस वाद्यवृंदाचे संगीत आहे, शेते आहेत, धावणे आहे. हैदराबादला पोहोचल्यावर गाणी थांबतात. झोपडपट्टीतली खोली, अर्चीची कारखान्यातली नोकरी, परश्याचे डोशाच्या गाडीवरचे काम, न येणारी भाषा. ज्या मुलीने घरात कधी काम केले नाही तिला आता शेजारच्या दुर्गंधीत झोपायचे आहे. मग परश्याच्या मनात संशय शिरतो आणि त्याचा हात उठतो. ती निघून जाते आणि परत येते.

हा हात उठण्याचा प्रसंग वगळून पुढे जाण्याचा मोह होतो, कारण तोवर परश्या सगळ्यांचा लाडका झालेला असतो. वगळू नये. मुलांना विचारावे की पूर्वार्धातल्या कोणत्या दृश्यात या संशयाचे बी होते. ती शोधतात, आणि कधी कधी त्यांना सापडत नाही. चांगल्या स्वभावाचा मुलगाही हे करू शकतो एवढेच हाती येते. त्यानंतर ती परत का येते, यावर बोलावे. प्रेमामुळे, की जायला दुसरे घर उरले नाही म्हणून? 'प्रेमामुळे' हे उत्तर वर्गात आधी येते. दुसरे उत्तर देणारी बहुधा एखादी मुलगी असते आणि ती ते हळू आवाजात देते.

पैशाचा आणि घराचा हा प्रश्न हलक्याफुलक्या चित्रपटालाही विचारता येतो. 2017 च्या 'चि. व चि. सौ. कां.'मध्ये मुलगी लग्नाआधी काही काळ एकत्र राहून पाहण्याची अट घालते, म्हणजे आपले पटते का हे ताडून पाहण्याची सोय कथेतच करते. ही अट तिने घातली आहे, तिसऱ्या रकान्यात तिचे नाव आहे, आणि दोन्ही घरांतली मोठी माणसे या प्रयोगाने कशी भांबावतात हे पाहण्यात मजा आहे.

मालिकेचे घड्याळ वेगळे

चित्रपटासाठीचे हे रकाने मालिकेला जसेच्या तसे लावता येत नाहीत, कारण तिच्या घड्याळाचे काटे वेगळे आहेत. दैनंदिन मालिका आठवड्याला पाच-सहा दिवस येते, वर्षानुवर्षे चालते आणि तिचे आयुष्य आठवड्याच्या टीआरपीवर ठरते. दोघांचे पटले की गोष्ट संपते. म्हणून त्यांचे पटू न देणे ही मालिकेची रोजची गरज आहे. गैरसमज, लपवलेले पत्र, दाराआडून ऐकलेले अर्धे वाक्य, स्मृती जाणे, एकदम काही वर्षे पुढे उडी मारणे हे सारे त्या गरजेतून येते. लेखकांना दुसरे काही सुचत नाही असे समजणे अन्यायाचे आहे. साखरपुडा, हळद, लग्न यांना आठवडा-आठवडा मिळतो आणि महाएपिसोड मिळतो, पण लग्नानंतर दोघे एका खोलीत शांतपणे बोलत आहेत असे दृश्य क्वचित मिळते.

मालिका पाहताना एकच आठवडा निवडावा आणि दोनच गोष्टी मोजाव्यात. पहिली, दोघे एकटे आणि कोणी मध्ये न येता किती वेळ बोलले. दुसरी, एका वाक्याने मिटला असता असा गैरसमज किती वेळा न बोलता पुढे ढकलला गेला. आमच्या घरी सासूबाई रात्री जेवणानंतर मालिका लावतात आणि अशा वेळी पदर सावरून पुढे सरकत पडद्याला म्हणतात, "अगं, सांग ना त्याला सरळ!" त्यांच्या शेजारी बसून माझी मुलगी पुठ्ठ्यावर रेघा ओढते आणि जाहिरात लागली की दोघी आकडा जुळवतात. त्या मोजणीतून सासूबाई एकदा आपणहून त्यांच्या लग्नानंतरच्या पहिल्या वर्षाविषयी बोलल्या, सात माणसांच्या घरात नवऱ्याशी बोलायला कशी जागा नव्हती ते. मालिकेतला दिवाणखाना त्यांना खरा वाटतो याचे कारण मला त्या रात्री कळले. म्हणून घरात मालिका चालू असेल तर तुच्छतेने उठून जाऊ नये.

मालिकांनी काही गोष्टी चित्रपटांपेक्षा धिटाईने केल्या, त्यांची नोंद करावी. 2012 च्या 'एका लग्नाची दुसरी गोष्ट'मध्ये घना आणि राधा घरच्यांच्या समाधानासाठी लग्न करतात आणि मग हळूहळू एकमेकांना ओळखतात. मालिका लांबवली नाही, म्हणून त्यांचे पटणे खरे वाटले. 2019 च्या 'अग्गंबाई सासूबाई'ने उतारवयातल्या विधवा सासूचे लग्न सुनेच्या पुढाकाराने दाखवले. तरुण नसलेल्या माणसांनाही हात धरावासा वाटतो, हे रोज रात्री घराघरांत दिसणे मला फार मोलाचे वाटते. कोणाचे प्रेम पडद्यावर येतच नाही, हाही रकाना खरे तर हवा. दोन पुरुषांच्या किंवा दोन स्त्रियांच्या प्रेमाला मराठी पडद्यावर अजून फार थोडी जागा मिळाली आहे. विजय तेंडुलकर यांच्या कथेवरून रवी जाधव यांनी केलेला 'मित्रा' हा लघुपट वर्गात दाखवायला योग्य आहे, आणि प्रौढांच्या संमतीच्या समलिंगी संबंधांना गुन्ह्यातून वगळणाऱ्या, 6 सप्टेंबर 2018 च्या सर्वोच्च न्यायालयाच्या 377 कलमाबाबतच्या निकालाची माहिती त्याच्याबरोबर द्यावी.

चित्रपट संपल्यावर

चर्चा लगेच सुरू करू नये. पहिल्या वर्षी 'सैराट' दाखवला तेव्हा मी शेवटच्या चौकटीनंतर लगेच दिवे लावले आणि प्रश्न विचारला. त्या शेवटात आवाज नाही. लहान मूल शेजारणीबरोबर घरी येते, आत जाते, आणि रडत बाहेर निघते तेव्हा त्याच्या पावलांचे रक्ताचे ठसे जमिनीवर उमटत जातात. त्या शांततेवर मी माझा प्रश्न टाकला आणि एक मुलगी उठून बाहेर गेली. तिच्या घरी काय घडले होते ते मला पुढे कळले आणि ते येथे लिहिण्यासारखे नाही. तेव्हापासून मी चित्रपटाआधी सांगते की कोणालाही कधीही उठून जाता येईल, कारण विचारले जाणार नाही. आणि शेवटानंतर कोणीतरी आपणहून बोलेपर्यंत दिवे लावत नाही.

प्रश्न विचारताना 'तुला कसं वाटलं' असे विचारू नये, कारण त्याचे उत्तर मुले आपल्या चेहऱ्यावर शोधतात. दृश्याविषयी विचारावे: त्या वेळी दार उघडे होते का, तिने हात सोडवला की त्याने सोडला, पहिला फोन कोणी केला. वर्गातल्या कोणाच्याही खऱ्या प्रेमप्रकरणाचा उल्लेख आला तर तो तेथेच थांबवावा आणि पुन्हा पडद्याकडे वळावे. पात्रांच्या आडून बोलण्याची मुभा हीच या तासाची खरी सोय आहे, ती मोडू देऊ नये. मुलगे आणि मुली यांचे कागद आधी वेगवेगळे वाचावेत, नावे न सांगता, आणि मग एकत्र चर्चा करावी. एकाच दृश्यात मुलग्यांना गोडवा आणि मुलींना भीती दिसली असेल तर ते दोन कागद शेजारी ठेवून फक्त वाचून दाखवावेत.

गेल्या वर्षी 'सैराट'नंतरच्या अंधारात पहिला आवाज मागच्या बाकावरून आला. "तिनं आईला फोन करायलाच नको होता." त्यावर पुढून कोणीतरी म्हणाले, "आईला फोन करणं चूक कसं असेल?" आणि तास तेवढ्याच दोन वाक्यांवर गेला. मग मी कागद काढायला लावले आणि तिसऱ्या रकान्यात, त्या फोनपासून शेवटापर्यंत, कोणाकोणाची नावे आहेत ते पाहायला सांगितले. पुढच्या शनिवारी आम्ही फक्त तेवढेच दृश्य पुन्हा लावले, ज्यात भाऊ माहेरच्या वस्तू घेऊन येतो आणि अर्ची चहा ठेवायला वळते, आणि आवाज बंद ठेवला.